आईच्या पत्रांचे नंबर



मागे एका शुक्रवारी, शब्बाथ लागायच्या आधी, आम्ही अश्दोदच्या ताईशी संगणकावर बोलत होतो. मध्येच ताईच्या चेहऱ्याचे चौकोन चौकोन झाले नि आवाज तुटला. आम्ही म्हटलं, "लाईन खराब दिसते." नातू म्हणाला, "नाही आजी, पॅकेट्स हरवली."

मग त्याने समजावले ते असे. बोलणे असो की फोटो, सबंध जात नाही. त्याचे बारीक तुकडे होतात. प्रत्येक तुकड्याच्या डोक्यावर मथळा असतो, त्याला म्हणायचे हेडर. कुठून निघाले, कुठे जायचे, लांबी किती, सगळे त्यात. अजूनही खूप वापरात असलेल्या चौथ्या आवृत्तीत तो कमीत कमी २० बाइटचा. त्यातले ८ बाइट दोन पत्त्यांचे. वाटेतल्या राउटरला आतल्या मजकुराशी काम नाही, पोस्टमनसारखा तो पत्ता बघतो नि पुढे धाडतो. आणखी एक आकडा असतो. तो दर राउटरपाशी एकाने कमी होतो, आणि शून्य झाला की पॅकेट टाकून देतात. नाहीतर वाट चुकलेले पॅकेट गोल गोल फिरतच राहील!

ही कल्पना इथलीच. टेडिंग्टनच्या नॅशनल फिजिकल लॅबोरेटरीत डोनाल्ड डेव्हिस यांनी ती १९६५ साली मांडली. 'पॅकेट' हे नावही त्यांचेच. अमेरिकेत पॉल बॅरन यांना तसेच काही आधीच सुचले होते. ते आपल्यातलेच, ग्रोद्नोला जन्मलेले ज्यू.

ऐकता ऐकता आम्हांला आई आठवली. आम्ही नर्सिंगला इकडे आलो तेव्हा आई दर हवाई पत्राच्या कोपऱ्यात नंबर घालायची. एकदा १३ नंतर एकदम १५ आले. त्यात लिहिलेले, 'बाबांना आता उतार आहे.' काय झाले होते, ते १४ मध्ये! नंबर नसता तर वाटले असते, आई सांगायची विसरली. आम्ही लगेच कळवले, १४ पोचले नाही. आईने पुन्हा लिहिले, पण त्यात महिना गेला. तो महिनाभर आम्ही वॉर्डात दुसऱ्यांच्या वडिलांची नाडी बघत होतो.

नातू म्हणाला, "आजी, टीसीपी हेच करते." म्हणजे पहिल्या मथळ्याच्या आत दुसरा मथळा, त्यात क्रमांक. पोच आली नाही तर तो तुकडा पुन्हा पाठवतात, पापणी लवते न लवते तोच. ई-मेल अशीच जाते. समोरासमोरच्या बोलण्यात मात्र बहुधा थांबत नाहीत. हरवले ते हरवले. म्हणून ताईचे चौकोन.

आपल्या वाडवडिलांनीही 'कुठून' ते नावातच लिहून ठेवले: पेणकर, रोहेकर, किहीमकर, नवगावकर. 'कुठे' ते ज्याचे त्याने भरले.

मुलांनो, आजी-आजोबांचा निरोप आला की 'मिळाला' एवढे तरी कळवा. पोच येईपर्यंत पाठवणाऱ्याचा जीव थाऱ्यावर नसतो.