बाहेरचा कोपरा

क्रिकेटवर पोसलेल्या माणसानं उतारवयात बेसबॉलच्या नादी लागावं, आणि तेही चित्रांतल्या बेसबॉलच्या, हे आमच्या हिला मुळीच पसंत नाही. "कार्टून बघायचं वय आहे का हे?" असं ती म्हणते, चहाचा कप ठेवते आणि स्वतःही पाच मिनिटं उभ्याउभ्या बघते! दोष नातवाचा. 'एस ऑफ डायमंड' ही जपानी मालिका त्यानंच मला लावून दिली.

युजी तेराजिमा यांची ही चित्रकथा २००६ साली सुरू झाली आणि २०१३ साली ती पडद्यावर आली. तिचा नायक एइजुन सावामुरा हा नागानोकडचा मुलगा तोक्योच्या सेइदो हायस्कूलमध्ये येतो. डावखुरा, घसा फोडून ओरडणारा, पण मनाचा निर्मळ. त्याच्या शाळेला ध्यास एकच : कोशिएन. निशिनोमियाचं १९२४ साली बांधलेलं हे मैदान म्हणजे जपानच्या शाळकरी खेळाडूंची पंढरीच म्हणा ना!

बेसबॉलमधला पिचर म्हणजे आपला गोलंदाज. मात्र चेंडूचा टप्पा पडू द्यायचा नाही. फलंदाजाच्या अंगालगत जाणारा चेंडू हे सावामुराचं हत्यार. पश्चिम तोक्योच्या अंतिम सामन्यात, शेवटच्या डावात, नेमका त्याचा चेंडू समोरच्या मुलाच्या डोक्यावर आदळतो. सावामुराला खाली बसवतात. सामना हातचा जातो. आणि त्यानंतर हात धडधाकट असूनही त्याला आतल्या बाजूला चेंडू टाकताच येत नाही.

हे केवळ गोष्टीतच घडतं असं नाही. पिट्सबर्गचा स्टीव्ह ब्लास १९७१ च्या वर्ल्ड सीरिजमध्ये गाजला. १९७३ साली त्याच्या चेंडूची दिशा एकाएकी हरवली, ती पुन्हा सापडली नाही.

मला हे दुखणं कळतं. गेल्या पावसाळ्यात मी जिन्यावरून पडलो. हाड जुळलं, डॉक्टरांनी हसून निरोप दिला. पण पहिल्या पायरीशी आलो की पाय खिळतो. जो तो सांगतो, "घाबरू नका." जणू भीती म्हणजे चप्पल, दाराबाहेर काढून ठेवावी!

सावामुराला वरच्या वर्गातला क्रिस असलं काही सांगत नाही. खांद्याच्या दुखापतीनं त्याचे स्वतःचेच खेळायचे दिवस करपलेले. त्याचा सल्ला साधा : आत जमत नाही ना? मग बाहेरच्या कोपऱ्यात, खाली टाक. तेवढंच, पण अचूक. आणि हा आरडाओरडा करणारा मुलगा मुकाट्यानं त्या एका कोपऱ्यामागं लागतो. गेलं त्याचा शोक न करता उरलेलं पक्कं करतो. गंमत अशी, की बाहेरचा कोपरा वश झाल्यावर हरवलेला आतला चेंडूही पुढं परत येतो.

पोरगा मोठा झाला असं मला वाटलं ते तिथं. विजयाच्या जल्लोषात नव्हे.

हल्ली संध्याकाळी नातू जिन्यापाशी येऊन उभा राहतो. "आजोबा, आज दोनच पायऱ्या हं." कठडा धरून मी दोन उतरतो, दोन चढतो. काल चौथीपर्यंत मजल गेली. अजून चौदा आहेत.