काचेचा जोडा

सिंड्रेलेची गोष्ट सांगू लागले की मुलींचे कान परीकडे आणि भोपळ्याच्या रथाकडे लागतात. माझे मन मात्र त्या काचेच्या जोड्याशी अडते. १६९७ साली शार्ल पेरो या फ्रेंच लेखकाने तो तिच्या पायात घातला. राजपुत्र जिच्यावर भाळला, तिला ओळखायला त्याला पावलाचे माप लागावे ना! आमच्याकडेही दाखवायला आणलेल्या मुलीला एके काळी चालून दाखवावे लागे. पाऊल बघत, तिच्या मनात काय आहे, हे कोण विचारणार?

२००४ साली निघालेल्या ‘अ सिंड्रेला स्टोरी’ या अमेरिकन चित्रपटात हीच पोर सॅम होऊन कॅलिफोर्नियात शाळेत जाते आणि सावत्र आईच्या खानावळीत राबते. नाचाच्या रात्री मुखवटा घालून जाते, आणि पळताना मागे राहतो तो मोबाईल! पण खरी गंमत पुढेच आहे. तिचे गुपित फुटते, शाळाभर हसे होते. तेव्हा ती रडत न बसता थेट खेळाडू मुलांच्या खोलीत शिरते आणि आपल्या राजपुत्राला खडसावून सांगते, की मी ही अशी आहे, आणि तुझी वाट पाहण्यात अर्थ नाही.

जोडा हरवो, मोबाईल हरवो, माझी तक्रार नाही. बाराचे ठोके पडले की रथाचा भोपळा होतो. पण मुलीने स्वतःच्या तोंडाने सांगितलेली आपली ओळख कुठल्याच ठोक्याला विरत नाही.