सुपाचा आवाज

चिखल्याच्या आमच्या ओटीवर बसले की तीन आवाज कानांवर येतात : समुद्राचा, सुरूच्या झाडांचा आणि घोलवडकडे जाणाऱ्या गाडीचा. चौथा आवाज होता आईच्या सुपाचा. तो गेल्या वर्षी वैशाखात थांबला.

त्याआधीच्या हिवाळ्यात मुलाने मोबाईलवर तिचे चित्रण केले होते. आई तांदूळ पाखडते आहे, एवढेच. वर्षश्राद्धाला त्याने ते सर्वांना दाखवले, तेव्हा मूळ आवाज काढून बासरी आणि व्हायोलिन घातले होते. साऱ्यांचे डोळे पाणावले, माझेही. पण खरे सांगू? रडवले ते बासरीने. आई काही भेटली नाही.

त्या रात्री केशवराव भोळे आठवले. १८९६ साली अमरावतीत जन्मलेले केशवराव डॉक्टर व्हायचे, ते गाण्यात रमले. ‘एकलव्य’ या नावाने त्यांनी गवयांवर लिहिले, १९३३ साली ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकाला संगीत दिले. मग प्रभातमध्ये ‘अमृतमंथन’, ‘संत तुकाराम’. वाद्यमेळ हाताशी, ध्वनिमुद्रणाला विष्णुपंत दामल्यांसारखा जाणता माणूस कंपनीतच. आणि १९३७ च्या ‘कुंकू’त या संगीतकाराने पार्श्वसंगीताची वाद्ये गप्प बसवली! म्हाताऱ्या नवऱ्याच्या घरात नीरेच्या कानांवर जे पडते, तेच आपल्याही कानांवर पडायचे. तिची कीव करा, असे सांगायला व्हायोलिन नाही; म्हणूनच तिची चीड थेट अंगावर येते. आपलीच कला अशी आवरून धरायला केवढी छाती लागत असेल!

सकाळी मुलाला म्हटले, “अरे, ती बासरी काढून टाक. मूळचा आवाज ठेव.”

“बाबा, रिकामं वाटेल हो.”

“वाटू दे.”

त्याने काढली. सूप वाजू लागले. मागे समुद्र. आईने चिमण्यांना ‘शुक् शुक्’ केले, आणि ती खोकली. थांबली; पुन्हा खोकली. तो खोकला मी तेव्हा रोज ऐकत होतो. ‘वाडीतली कामे आटोपली की डहाणूला डॉक्टरांकडे नेतो,’ असे म्हणतही होतो. कामे काही आटोपली नाहीत.

मुलाने माझ्याकडे पाहिले. “पुन्हा घालू का बासरी?” त्याने हलकेच विचारले.

मी नको म्हटले.