साउथवेलचा पितळी गरुड

पवित्र मिस्साच्या वेळी शुभवर्तमानाचा ग्रंथ ज्यावर ठेवून वाचतात, त्या वाचनपीठाकडे आपले सहसा लक्ष जात नाही. युरोपातील जुन्या मंदिरांत मात्र ते नजरेत भरल्यावाचून राहात नाही. कारण पुष्कळ ठिकाणी ते गरुडाच्या रूपात घडविलेले असते. पंख पसरून, पाठीवर ग्रंथ पेलून तो उभा असतो. गरुड हे संत योहानाचे चिन्ह. हा पक्षी सर्वांत उंच उडतो व डोळे न मिटता सूर्याकडे पाहतो, अशी प्राचीनांची समजूत होती. बेल्जममधील टोंगरेन येथील मातामंदिरात दिनां गावच्या येहान जोसेस या कारागिराने १३७२ साली ओतलेला असा गरुड आजही आहे.

पण आम्हांस अधिक भावला तो इंग्लंडच्या नॉटिंगहॅमशायर परगण्यातील साउथवेलचा. गाव लहान, मंदिर भव्य. बाराव्या शतकात बांधावयास घेतलेले. १८८४ पासून ते अँग्लिकन बंधूंचे महामंदिर आहे. येथील गरुड मात्र मुळात येथला नव्हे. सुमारे १५०० साली तो जवळच्याच न्यूस्टेड येथील, संत ऑगस्टिनच्या नियमाने राहणाऱ्या व्रतस्थांच्या मठासाठी घडला. आपल्याकडील तांबट हातोड्याने ठोकून भांडे घडवितात. हे काम ओतीव, आणि आतून पोकळ.

पुढे आठव्या हेन्री राजाने रोमशी नाते तोडले व मठांच्या मालमत्तेवर हात टाकला. मठांतील धातूच्या वस्तू वितळवून विकल्या जाऊ लागल्या. १५३९ साली न्यूस्टेडचा मठ बंद झाला. आपला गरुड भट्टीत जाऊ नये म्हणून मठवासीयांनी तो तळ्यात बुडविला, असे परंपरा सांगते. पुन्हा परत येऊ, अशी आशा त्यांना असावी. ते परतले नाहीत. मठ बायरन घराण्याकडे गेला, आणि दोन शतकांनंतर, अठराव्या शतकात, तळ्यातून गरुड वर आला.

नॉटिंगहॅमला तो घासण्यापुसण्यास दिला असता त्याच्या पोकळीत मठाच्या सनदांची चर्मपत्रे निघाली. त्यांत पाचव्या हेन्रीचे एक माफीपत्रही होते, असे आयरिश कवी थॉमस मूर सांगतात. त्यावरून मठवासीयांची थट्टा झाली. ती आम्हांस रास्त वाटत नाही. असली सरसकट माफीपत्रे त्या काळी मठच नव्हे, सामान्य लोकही पैसे भरून घेत. ती राजाच्या दंडापासून बचावासाठी असत, पापक्षमेसाठी नव्हेत.

१८०५ साली सर रिचर्ड के या अँग्लिकन धर्माधिकाऱ्यांनी हा गरुड साउथवेलला अर्पण केला. त्यावर लॅटिन अक्षरे कोरलेली आहेत. राल्फ सॅव्हेज नावाच्या मनुष्याच्या व सर्व मृत भाविकांच्या आत्म्यांसाठी प्रार्थना करा, अशी विनवणी त्यांत आहे. हेन्रीनंतरच्या राजवटीत मृतांसाठीचे मिस्सा तेथे बंद पडले. पितळेवरील विनवणी मात्र कोणी खोडली नाही. आम्ही ती वाचली आणि तेथेच उभ्याने राल्फ सॅव्हेजच्या आत्म्यासाठी चिरशांतीची प्रार्थना म्हटली.