राखेनंतरचा सिनेमा

गेल्या महिन्यात आमचं दीड वर्षाचं प्रोजेक्ट एका मेलमध्ये बंद झालं. सिडकोतल्या घरी लॅपटॉप मिटून बसलो होतो. बाबांनी टीव्हीवर 'मोहित्यांची मंजुळा' लावला. घोडे, तलवारी. मी वैतागलो. "भालजींचा आहे, बघ," बाबा म्हणाले.

रात्री मोबाईलवर भालजी पेंढारकरांबद्दल वाचत बसलो. सिनेमे स्वतःच लिहायचे, स्वतःच दिग्दर्शित करायचे. 1948 मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत त्यांचा कोल्हापूरचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. तेव्हा वय पन्नाशीचं. त्यांनी तो पुन्हा उभा केला. 1952 ला 'छत्रपती शिवाजी' आला, 1963 ला 'मंजुळा'.

आमचा कोड निदान सर्व्हरवर तरी आहे.

सकाळी म्हणालो, "बाबा, तो सिनेमा परत लावता? सुरुवात नीट बघितली नाही मी."