न गाता केलेला रियाज

धार आणि देवासला पवारांची संस्थानं होती, म्हणून माळव्यात आजही मराठी घरं भेटतात. देवास मात्र आपल्याला माहीत आहे ते कुमार गंधर्वांमुळे. 1948 च्या सुरुवातीला ते क्षयाने आजारी असताना तिथे राहायला आले. एक फुप्फुस निकामी झालं होतं आणि डॉक्टरांनी गाणं बंद केलं होतं. पाचेक वर्षं ते फक्त ऐकत राहिले. माळव्याच्या बायकांची लोकगीतं, वाटेवरच्या भजनी लोकांचा आवाज. 1953 मध्ये ते पुन्हा मैफलीत गायले.

हे सगळं मी परत वाचलं ते पप्पांमुळे. मागच्या वर्षी त्यांना स्ट्रोक आला आणि डावा हात गेला. पप्पा चर्चच्या क्वायरमध्ये व्हायोलिन वाजवतात. (‘वाजवायचे’ असं अजून लिहवत नाही.) फिजिओथेरपिस्ट ताईंनी अजब होमवर्क दिला: हाताच्या व्यायामानंतर रोज दहा मिनिटं डोळे मिटून मनातल्या मनात वाजवायचं. मला वाटलं, समजूत घालतायत. पण 1980 मध्ये पेर रोलांड आणि सहकाऱ्यांनी माणसांच्या मेंदूतला रक्तप्रवाह मोजला होता. बोटं ठरावीक क्रमाने हलवताना स्नायूंना हुकूम सोडणारा भाग आणि त्याच्या पुढचा, क्रम जुळवणारा भाग, दोन्ही जागे झाले. तोच क्रम नुसता मनात आणला तेव्हा पहिला भाग गप्प राहिला, दुसरा मात्र कामाला लागला. म्हणजे आखणीला हात लागतोच असं नाही! एकदा पप्पा डोळे उघडून वैतागले, “परत तिसऱ्या ओळीत चुकलो.” हात मांडीवरच होता.

कुमारजींच्या मेंदूला तर जुना हिशेबच मोडावा लागला असणार. किती हवा, किती लांब तान, श्वास कुठे घ्यायचा, हे लहानपणापासून अंगात मुरलेलं आणि आता निम्म्या हवेत बसवायचं. त्यांच्या गाण्यातले छोटे, तुटक, अचानक उसळणारे तुकडे एका फुप्फुसामुळे आले असं सगळे म्हणतात. मला ते अर्धंच पटतं. पाच वर्षांच्या ऐकण्याचं काय?

आणि भानुमतीबाईंचं काय? त्या काळात त्यांनी शाळेत नोकरी करून घर चालवलं, शुश्रूषाही केली. आमच्याकडे हल्ली आई संध्याकाळी दोन बॅच ट्यूशन घेते, म्हणून असेल, पण कुमारजींवरचा कुठलाही लेख उघडला की मी आधी त्यांचं नाव शोधते.