झाडाला बांधलेला डबा

मोहफुलांचा हंगाम आला की आमच्या गडचिरोलीकडच्या बाया पहाटेच टोपल्या घेऊन जंगलात निघतात. परवा आमच्याकडे कामाला येणाऱ्या बाईंनी विचारलं, "गुर्जी, झाडाला डब्बा बांधला हाये. त्याच्यापुढं कसं बसाचं जी?"

तो वाघाचा कॅमेरा, समोरून काही गेलं की आपोआप फोटो निघतो, असं मी समजावलं. प्रत्येक वाघाचे पट्टे निराळे, डाव्या-उजव्या अंगाचेसुद्धा, म्हणून दोन कॅमेरे समोरासमोर लावतात. माणसं मारणारा 'सीटी-1' ऑक्टोबर 2022 मध्ये इथे वडशाच्या जंगलात पकडला गेला. नेमका तोच वाघ ओळखायचा तर फोटो हवाच.

"वाघाचं ठीक हाये जी, पन मी वाघ हाव का?" एवढं बोलून बाई भांडी घासायला लागल्या.

कॉर्बेटच्या जंगलाबद्दलचा 2024 सालचा एक अभ्यास वाचण्यात आला होता. कॅमेऱ्याच्या धास्तीने तिथल्या बाया गाणी म्हणेनाशा झाल्या. खरं तर आवाजाने जनावर दूर राहतं. म्हणजे राखणीच्या डोळ्यानेच धोका वाढवला!

मला दादासाहेब फाळके आठवले. 'राजा हरिश्चंद्र'साठी (1913) त्यांना तारामती मिळेना. कॅमेऱ्यासमोर यायला बायाच तयार नव्हत्या. शेवटी अण्णा साळुंके तारामती झाले. त्या बायांचं कारण चूक असेल, पण त्यांना 'नाही' म्हणता आलं. फाळक्यांना कॅमेरा घेऊन त्यांच्यापुढे उभं राहून विचारावं लागलं. झाडावरचा डबा कुणाला विचारत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2017 मध्ये खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. तो मोहाच्या झाडाखालीही असेलच ना?

आता घरचं सांगतो. आमची ही गेल्यावर मुलाने काळजीपोटी ओसरीत कॅमेरा लावला. एकदा पुण्याहून त्याचा फोन, "बाबा, रात्री दोन वाजता कुणाशी बोलत होतात?"

मी म्हटलं, पाठांतर करत होतो. खोटं बोललो. ओसरीतल्या तिच्या खुर्चीशी बोलत होतो. तेव्हापासून गप्प बसतो. त्या बायांसारखाच.

बाळा, तू हे वाचशीलच. कॅमेरा काढू नकोस, तुला झोप लागणार नाही. फक्त त्याचं तोंड फाटकाकडे वळव. कोण आलं-गेलं ते तुला दिसेल. ओसरी आम्हा दोघांना राहू दे.